बत्तीसच्या जागी तीस : मराठी प्रकाशकांना एक खुलं पत्र

मराठीत पुस्तकं काढणाऱ्या सर्व प्रकाशक मंडळींस,

स. न. वि. वि.

गेल्या पावसाळ्यात एका संध्याकाळी आमच्या वाचनालयात पाचवीतली एक मुलगी शिष्यवृत्तीचं गाइड छातीशी धरून आली. मी शाळेतून निवृत्त होऊन आता इथे ग्रंथपालाचं काम बघतो, आणि गावाला माझं जुनं खातं ठाऊक असल्याने गणितात अडलेली पोरं इकडेच वळतात. प्रश्न होता संख्यामालिकेचा : २, ६, १२, २०, ३२, ? पर्याय चार, उत्तरसूचीत ४२. तिने फरक काढले होते, ४, ६, ८, १२. मग पुढचा १६ धरून ४८ लिहिलं होतं, खोडलं होतं, परत लिहिलं होतं. खोडरबराने कागद पार विरला होता.

मला बघताक्षणी कळलं, कारण या मालिकेशी चाळीस वर्षांचा परिचय. एक दुणे दोन, दोन त्रिक सहा, तीन चोक बारा, चार पंचे वीस, पाच सक तीस. बत्तीसच्या जागी तीस हवे होते. छपाईची चूक. तिला सांगितलं तर म्हणाली, "पण सर, पुस्तक कसं चुकेल?"

तिच्या या प्रश्नाचं उत्तर माझ्यापेक्षा तुम्ही द्यायला हवं, म्हणून हे पत्र.

तुमच्यापैकी कुणा एकाला दोष द्यायचा नाही. त्या गाइडवर नाव कुणाचं होतं याला महत्त्व नाही. उद्या दुसऱ्यात दुसरी चूक सापडेल. कादंबरीत 'पाऊस'चा 'पाउस' झाला तरी वाचणारा भिजतोच. क्रमिकेत, म्हणजे ठरावीक नियमाने एकामागून एक येणाऱ्या संख्यांच्या रांगेत, एक अंक घसरला की नियमच मरतो, आणि समोरच्या मुलाला वाटतं की आपलंच डोकं कमी. क्रमिका छापताना मुद्रितशोधकाने नुसतं वाचून भागत नाही, प्रत्येक पद करून बघावं लागतं.

पण माझी खरी तक्रार छपाईची नाही. आमच्या वाचनालयात क्रमिकांबद्दल जे काही मराठी आहे ते सगळं स्पर्धा परीक्षेच्या कपाटात आहे. शिष्यवृत्ती, नवोदय, पोलीस भरती, तलाठी. सगळीकडे एकच प्रश्न, पुढची संख्या कोणती, आणि एकच उत्तर. क्रमिका कुठून आली, कुणी मोजली, कशासाठी मोजली, यावर एक ओळ नाही. दहावीच्या पुस्तकात अंकगणिती श्रेढी भेटते, बरी भेटते. पण अकरावीला शास्त्र शाखेत गेलं की बहुतेक ठिकाणी शिकवणं इंग्रजीत, आणि मराठीतला धागा तिथेच तुटतो. शब्दांचंही धड नाही : कुठे क्रमिका, कुठे अनुक्रम, कुठे मालिका, कुठे श्रेणी, आणि श्रेणी म्हटलं की आमच्या पोरांना आधी प्रथमश्रेणी आठवते. मी आपला 'क्रमिका'वर ठाम आहे. पाठ्यपुस्तकात आहे, तोच चालू द्या.

त्याच मुलीला पुढच्या आठवड्यात मी मुद्दाम एक मालिका दिली : १, २, ४, ८, १६, ? ती क्षणात म्हणाली, बत्तीस. म्हटलं, बस, करून बघू. वर्गणीच्या जुन्या पावतीच्या पाठीवर वर्तुळ काढलं. परिघावर एक बिंदू : वर्तुळाचा तुकडा एकच. दोन बिंदू जोडले, तुकडे दोन. तीन बिंदू एकमेकांना जोडले, चार. चार बिंदूंना आठ, पाचांना सोळा. तिने प्रत्येक तुकड्यात टिंब देत मोजले. मग सहा बिंदू. पोर टापटिपीची, कंपासने सहाही बिंदू सारख्या अंतरावर घेतले, सगळे जोडले, टिंबं दिली. तीस! परत मोजले, तीसच. चेहरा उतरला. म्हटलं, एक बिंदू जरासा सरकव. सरकवल्यावर मधोमध जिथे तीन रेषा एकाच ठिकाणी छेदत होत्या तिथे एक चिमुकला त्रिकोण उघडला. एकतीस. बत्तीस काही केल्या येत नाहीत. सहा बिंदूंना जास्तीत जास्त एकतीसच, आणि सातांना सत्तावन्न. बत्तीस या आकड्याशी आमच्या वाचनालयाचं वाकडंच दिसतं.

ती पावती तिने घरी नेली. गाइडमधलं एकही पान पोरांनी असं जपून नेलेलं मी पाहिलेलं नाही.

असल्या क्रमिकांचं एक पुस्तक असतं आणि ते लोक विकत घेतात, हे तुम्हाला खरं वाटणार नाही. नील स्लोन नावाचा तरुण १९६४ साली अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठात संशोधन करत होता. कामात त्याला ०, १, ८, ७८, ९४४ अशी क्रमिका भेटली आणि ती आधी कुणाला भेटली आहे का, हे बघायला जागाच सापडेना. मग तो क्रमिका टिपायला लागला. १९७३ मध्ये त्याचं पुस्तक आलं. त्यात २,३७२ क्रमिका, शब्दकोशात शब्द लावावेत तशा लावलेल्या. तुमच्याकडे पहिली चार-पाच पदं असली की पान उघडायचं आणि आपली क्रमिका कुठल्या घरची ते शोधायचं. पुस्तक आलं आणि वाचकांची पत्रं सुरू झाली : ही राहिली, ती राहिली. १९९५ मध्ये सायमन प्लूफसोबत काढलेल्या दुसऱ्या ग्रंथात ५,४८७ झाल्या. मग कागद पुरेना आणि १९९६ पासून तो कोश इंटरनेटवर गेला. आज साडेतीन लाखांच्या पुढे आहे. ज्या पुस्तकात जवळजवळ फक्त आकडे आहेत त्याच्या लेखकाला वाचकांनी पोत्याने पत्रं पाठवली, हे 'गणिताचं पुस्तक खपत नाही' म्हणणाऱ्यांनी कधीतरी निवांत बसून ऐकावं.

आता मुद्द्यावर येतो. अशा पुस्तकाचं मराठीत भाषांतर करा असं मी म्हणत नाही. आपल्या घरात जो माल पडून आहे त्यातूनच ते उभं राहतं, असं माझं म्हणणं आहे.

यमाताराजभानसलगा. हे न घोकलेला मराठी विद्यार्थी नसेल. मराठीच्या तासाला वृत्त ओळखायचं, गण पाडायचे, य म त र ज भ न स. मीही घोकलं. गणिताच्या तासाला कुणी सांगितलं नाही की ही दहा अक्षरं म्हणजे गणितातली एक फार देखणी वस्तू आहे. लघु-गुरू लिहून बघा : लघु, गुरू, गुरू, गुरू, लघु, गुरू, लघु, लघु, लघु, गुरू. कुठूनही सलग तीन अक्षरं उचला. पहिली तीन 'यमाता' म्हणजे य गण. एक अक्षर पुढे सरका, 'मातारा', म गण. आणखी एक सरका, 'ताराज', त. असं करत 'सलगा'पर्यंत आठही गण येतात, एकही दोनदा येत नाही. आठ गण वेगवेगळे लिहायचे तर चोवीस अक्षरं लागली असती. इथे दहांत काम झालं. आणि शेवटची दोन 'लगा' ही लघु-गुरूच्या हिशेबात पहिल्या 'यमा'सारखीच आहेत, म्हणून ती गाळून उरलेली आठ अक्षरं गोल मांडली तर आठ गणांचं आठ अक्षरांचं कडं होतं. यापेक्षा आखूड होऊच शकत नाही.

अशा कड्यांना जगात 'द ब्रॉइन क्रमिका' म्हणतात. निकोलास द ब्रॉइन हे डच गणिती. त्यांचा लेख १९४६ चा. पुढे त्यांना कळलं की फ्रान्समध्ये फ्ली सेंत-मारी यांनी ही मोजणी १८९४ मध्येच केली होती, आणि १९७५ मध्ये त्यांनी तसं छापून मान्य केलं. गृहस्थ दिलदार. तर, याचा उपयोग काय? समजा चार आकडी कुलूप आहे आणि ते शेवटचे चार आकडे बरोबर दाबले की उघडतं. दहा हजार शक्यता. एकेक करून दाबायला चाळीस हजार वेळा बोट टेकवावं लागेल. द ब्रॉइनची माळ असेल तर १०,००३ वेळा पुरे. (हे पुस्तकात घालायचं की नाही ते तुमचं तुम्ही बघा, आमच्या इथे घरफोड्यांना एवढा धीर नाही.) जनुकांचं वाचनही याच कल्पनेच्या नात्यातलं : यंत्र डीएनएचे छोटे छोटे तुकडे वाचतं, आणि एका तुकड्याचं शेपूट दुसऱ्याच्या डोक्याशी जुळवून अख्खी साखळी लावायची. 'यमाता'तला 'माता' आणि 'मातारा'तला 'माता' जसा एकमेकांवर बसतो तसंच. करोनाच्या विषाणूची सुमारे तीस हजार अक्षरांची साखळी पहिल्यांदा जुळवली ती द ब्रॉइनच्या आलेखावर, म्हणजे अशा एकमेकांवर बसणाऱ्या तुकड्यांच्या नकाशावर, चालणाऱ्या प्रणालींनी.

अजून एक पाऊल. त्या आठ अक्षरांच्या कड्यात जिथे तीन लघु सलग आहेत तिथला एक लघु काढून टाका. सात उरतात. दोनचा घन वजा एक. ही सात घरांची माळ प्रत्येक घर मागच्या घरांवरून ठरवून बनवता येते, तीन घरांच्या शिफ्ट रजिस्टरने, म्हणजे आकडे एकेक घर पुढे सरकवत नवा आकडा जोडणाऱ्या साध्या यंत्रणेने (लघु म्हणजे शून्य, गुरू म्हणजे एक धरा). आता तीनच्या जागी दहा घ्या : दोनचा दहावा घात वजा एक, १,०२३. जीपीएसचा प्रत्येक उपग्रह नागरी वापरासाठी जी माळ सतत प्रक्षेपित करतो ती बरोबर १,०२३ शून्य-एकांची, दहा-दहा घरांच्या दोन रजिस्टरांची बेरीज करून केलेली, दर मिलिसेकंदाला एकदा पूर्ण होणारी. आपल्या 'नाविक' या भारतीय दिशादर्शन प्रणालीच्या उपग्रहांच्या सर्वसाधारण संकेतातही १,०२३ च्याच माळा आहेत. उपग्रहाचा संकेत जमिनीवर पोचेस्तोवर गोंगाटातही ऐकू येणार नाही इतका क्षीण होतो. फोन त्याला ओळखतो कारण त्याला ती माळ आधीपासून पाठ असते. माझ्या वर्गातल्या पोरांना गण पाठ होते तसंच. नकाशावरचा निळा ठिपका दाखवून एखाद्या मराठीच्या शिक्षकाला हे सांगून बघा, ते वृत्तांचा धडा वेगळ्याच उत्साहाने घेतील.

मात्रांचंही असंच. लघूची एक मात्रा, गुरूच्या दोन. चार मात्रा किती तऱ्हांनी भरता येतात? दोन गुरू, एक गुरू आणि दोन लघु (गुरू आधी, मधे किंवा शेवटी), चार लघु. पाच. पाच मात्रा आठ तऱ्हांनी, सहा मात्रा तेरा तऱ्हांनी. शेवटचं अक्षर लघु असेल तर मागे एक मात्रा कमी, गुरू असेल तर दोन कमी; म्हणून प्रत्येक संख्या मागच्या दोघींची बेरीज. हे छंदःशास्त्रात विरहांकाने सांगितलं, ११५० च्या सुमारास हेमचंद्राने सांगितलं, आणि पिसाच्या लिओनार्दोचं, म्हणजे फिबोनाचीचं, याच संख्यांचं सशांच्या वाढीचं कोडं १२०२ चं. हा इतिहास हल्ली मोबाइलवर फिरतो, पण 'बघा आपलं सगळं आधी होतं' म्हणून. पुढचं गणित कुणी करत नाही. ते करू या.

पादाकुलकाची ओळ घ्या, सोळा मात्रांची, आठ-आठच्या दोन आवर्तनांची. सोळा मात्रा भरण्याच्या तऱ्हा १,५९७. पण कवीला त्या सगळ्या चालत नाहीत; आठव्या मात्रेवर अक्षर पुरं व्हायला हवं, नाहीतर आवर्तन मोडतं. आठ मात्रांच्या तऱ्हा ३४, म्हणून नीट बसणाऱ्या ओळी ३४ गुणिले ३४, १,१५६. उरल्या ४४१. या कुठल्या? ज्यांत एक गुरू बरोबर मधल्या उंबऱ्यावर एक पाय आत, एक बाहेर असा उभा आहे. त्याच्या अलीकडे सात मात्रा, पलीकडे सात. सात मात्रांच्या तऱ्हा २१, आणि २१ चा वर्ग ४४१. म्हणजे चौतीसचा वर्ग अधिक एकवीसचा वर्ग बरोबर १,५९७. विद्यापीठातली मुलं हे नित्यसमीकरण पानभर चिन्हं लिहून सिद्ध करतात. इथे ते एका कवितेच्या ओळीने, तिचं आवर्तन कुठे मोडतं एवढ्यावरून, सिद्ध झालं. हे सुचलं त्या रात्री मला झोप आली नाही, हे वयाला शोभत नसलं तरी सांगतो.

लीलावती तुमच्यापैकी काहींनी छापलीही आहे. त्यातल्या श्रेढीव्यवहारात एक दाता आहे : पहिल्या दिवशी दोन कवड्या, मग रोज दुप्पट, महिनाभर. भास्कराचार्यांचं उत्तर २,१४,७४,८३,६४६ कवड्या. याचे निष्क, द्रम्म, पण, काकिणी करून शेवटी सहा कवड्या उरतात, इतका काटेकोर हिशेब. आता गंमत बघा. ऋण संख्याही ठेवणाऱ्या बत्तीस बिटांच्या संगणकी खात्यात मावणारी सर्वांत मोठी धन संख्या आहे २,१४,७४,८३,६४७. आचार्यांच्या दात्याने आणखी एक कवडी टाकली की खातं काठोकाठ भरतं, आणि दुसरी टाकली की उलटतं. १९७० पासून सेकंद मोजणारी जुन्या धाटणीची संगणकी घड्याळं याच आकड्याला १९ जानेवारी २०३८ रोजी अडणार आहेत. ११५० सालच्या उदाहरणाला यापेक्षा चांगली तळटीप कुठली मिळणार?

आणि कापरेकर. देवळालीच्या शाळेत १९३० ते १९६२ शिकवणारे, पदरमोड करून आपल्या शोधांच्या पुस्तिका छापणारे द. रा. कापरेकर. त्यांची ६१७४ (चार अंक उतरते आणि चढते लावून वजाबाकी करत राहिलं की शेवटी जिथे थांबतं ती संख्या) सगळ्यांना माहीत. 'स्वयंभू' संख्या कमी जणांना. पंधरा घ्या, त्यात त्याचे अंक मिळवा, १५ अधिक १ अधिक ५, एकवीस. म्हणजे एकवीसला जन्मदाता आहे. वीसला नाही, कुठल्याही संख्येत तिचे अंक मिळवून वीस येत नाहीत. अशा त्या स्वयंभू : १, ३, ५, ७, ९, २०, ३१, ४२, ५३, ६४, ७५, ८६, ९७, १०८... गाइडवाल्याला विचारा पुढची कोणती. वीसपासून फरक अकराचा आहे, तेव्हा तो ११९ म्हणणार. येते ११०. परदेशी पुस्तकांत या संख्यांना देवळाली संख्याही म्हणतात. स्लोनच्या कोशात कापरेकरांच्या नावाच्या नोंदी आहेत, आणि १९७५ मध्ये मार्टिन गार्डनर यांनी 'सायंटिफिक अमेरिकन'मध्ये लिहिल्यावर देवळालीचं नाव जगभर गेलं. या माणसाला आपल्या पुस्तिका स्वतःच्या खिशातून छापाव्या लागल्या होत्या. हे मी तुम्हाला टोचायला लिहितो आहे, हे लपवत नाही.

काही वर्षांपूर्वी असाच तीस पानांचा मसुदा घेऊन मी एका प्रकाशकाकडे गेलो होतो. चहा चांगला पाजला. पानं चाळून म्हणाले, "सर, यात युक्त्या कुठे आहेत? 'तीस दिवसांत' असं काहीतरी करा ना." मुखपृष्ठासाठी शंखाचं चित्रही त्यांनी तिथल्या तिथे सुचवलं. मी म्हटलं, त्या शंखाची वळणं सोनेरी गुणोत्तराची (वरच्या मात्रांच्या संख्यांतल्या शेजारच्या दोघींचं प्रमाण, सुमारे १.६) नसतात, लोक उगाच चिकटवतात. लावायचंच तर सूर्यफूल लावा, त्यातल्या वळणांच्या रांगा मोजल्या तर बहुधा ३४ आणि ५५ मिळतात, नाहीतर अननस लावा, आठ आणि तेरा. ते म्हणाले, शंख दिसायला बरा. तिथे आमचं बोलणं संपलं.

माझं मागणं मोठं नाही. दीडशे-दोनशे पानांचं एक पुस्तक, फार झालं तर साठ क्रमिका. प्रत्येकीची पहिली पंधरा-वीस पदं, ती कुठे भेटते, कुणी मोजली, कामाला कुठे येते. एखादा मराठीचा शिक्षक आणि एखादा संगणकवाला बरोबर घ्या, कारण एकट्या गणितवाल्याने लिहिलं तर ते पुन्हा आमच्यासारख्यांनाच कळेल. पुढच्या दोन पदांची जागा रिकामी सोडा आणि उत्तरं मागे देऊ नका. 'प्राचीन ज्ञान' असा पट्टा मुखपृष्ठावर नको. आणि छपाईला जाण्याआधी सगळे आकडे दोन वेगळ्या माणसांनी, स्वतंत्रपणे, हाताने करून बघितलेले असू द्या. त्यातला एक मी. मानधन नको, पोस्टाचा खर्च दिलात तरी पुरे. पहिल्या पाच प्रती आमचं वाचनालय विकत घेईल, तसा कार्यकारिणीचा ठराव करून घेतो.

तोवर आमचं पावत्यांच्या पाठीवर चाललंय. मुलीला सध्या नारायण पंडितांच्या गायी दिल्या आहेत, १३५६ च्या 'गणितकौमुदी'तल्या : गाय दर वर्षी एक कालवड देते, कालवड चौथ्या वर्षापासून स्वतः विते, तर वीस वर्षांत गोठ्यात किती? उत्तर २,७४५ आहे, पण ते मी तिला सांगितलेलं नाही. ती १, २, ३, ४, ६, ९, १३, १९, २८, ४१ अशी नवव्या वर्षापर्यंत बरोबर आली आणि दहाव्या वर्षी तिच्या गोठ्यात एकोणसाठच भरतायत. साठावी कालवड कुठे हरवली ते शोधायला उद्या पाच वाजता येते म्हणाली आहे.

कळावे, लोभ असावा.

आपला,
तालुक्याच्या वाचनालयातला एक ग्रंथपाल